सेनापतीची वकिली

महाडास बसून पॅरिसच्या वकिलातीचा विचार करावयाचा, हें कोणास चमत्कारिक वाटेल. आम्हांस तसें वाटत नाहीं. महाडाहून वर गेलें कीं पाचाड, आणि पाचाडाच्या माथ्यावर रायगड. सन १६७४ च्या मे महिन्याच्या अखेरीस हेन्री ऑक्झेंडन हा इंग्रजांचा वकील याच पाचाडास मुक्काम करून राहिला होता. महाराज त्या वेळीं प्रतापगडास भवानीच्या दर्शनास गेले होते, आणि ते परत येईपर्यंत साहेबास तळाशींच थांबावें लागलें. महाडाच्या दुसऱ्या अंगास पोलादपूर. तेथून आंबेनळीचा घाट चढूं लागलें म्हणजे प्रतापगडाची वाट लागते. आणि त्या गडाच्या पायथ्याशीं सन १६५९ त जें घडलें त्याच्या आधीं पंताजी गोपीनाथ खानाकडे कशासाठीं गेले होते, हें आमच्याकडच्या शाळकरी मुलासही सांगतां येतें. लढाई कोठें संपते आणि वकिली कोठें सुरू होते, याचा विचार करण्यास या दोन तालुक्यांइतकी सोयीची जागा आम्हांस तरी ठाऊक नाहीं.

हा विषय निघाला तो एका पुस्तकावरून. गेल्या पावसाळ्यांत आमच्या लहानशा वाचनमंडळाची बैठक कशीबशी भरली. (जुने पूर कित्येकांस ऐकून माहीत; पण जुलै २०२१ चा महापूर सर्वांनींच डोळ्यांनीं पाहिला आहे. तेव्हांपासून पावसाचा जोर वाढला कीं महाडकराचें अर्धें लक्ष सावित्रीकडे असतें, हें सांगणें नलगे.) वाचावयास घेतलें होतें तें एअर चीफ मार्शल इद्रिस हसन लतीफ यांचें इंग्रजी चरित्र, त्यांच्या पत्नी बिल्कीस लतीफ यांनीं लिहिलेलें ‘द लॅडर ऑफ हिज लाईफ’. मंडळींत फौजी आंबवड्याकडचे एक वृद्ध सुभेदार होते. ज्या गांवाच्या नांवांतच फौज आहे तेथला माणूस सेनापतीच्या चरित्रास येणारच. ते सगळें शांतपणें ऐकून घेऊन शेवटीं म्हणाले, “गुरुजी, जन्मभर ज्यानें विमान उडविलें, त्याला सरकारनें वकील करून परमुलखांत कां धाडला? बक्षीस म्हणून, कीं इथें अडचण नको म्हणून?”

त्या दिवशीं आम्हांस नीटसें उत्तर देतां आलें नाहीं. मागाहून जें सुचलें तें येथें लिहीत आहों.

प्रथम चरित्रनायकाची ओळख, थोडक्यांत. जन्म ९ जून १९२३, हैदराबादेस. शिक्षण तेथल्याच निजाम कॉलेजांत. अठराव्या वर्षीं हवाई दलांत प्रवेश, १९४२ त अधिकारपद. कराचीच्या किनाऱ्यावर वापिटीसारख्या दुपंखी विमानांतून गस्त, मग इंग्लंडांत हरिकेन आणि स्पिटफायर या विमानांचें शिक्षण, मग ब्रह्मदेशची आघाडी. स्वातंत्र्यानंतर एकेक हुद्दा चढत ते १ सप्टेंबर १९७८ रोजीं हवाई दलाचे प्रमुख झाले. त्यांच्या आधीं त्या जागेवर आपले हृषिकेश मुळगांवकर होते. ऑगस्ट १९८१ च्या अखेरीस निवृत्त होण्यापूर्वीं त्यांनीं मिग-२५ या विमानांतून उड्डाण केलें. वापिटीचा वेग आजच्या मोटारीहून फार मोठा नव्हता, आणि मिग-२५ ध्वनीच्या वेगाच्या जवळजवळ तिप्पट वेगानें जाऊं शकतें. एका माणसाच्या नोकरीच्या काळांत विमानविद्येनें एवढी मजल मारली! पुढें मार्च १९८२ पासून एप्रिल १९८५ पर्यंत ते महाराष्ट्राचे राज्यपाल होते, आणि नंतर १९८८ पर्यंत फ्रान्समध्यें भारताचे राजदूत. ३० एप्रिल २०१८ रोजीं हैदराबादेस त्यांचें निधन झालें.

आतां पुस्तकाच्या नांवाकडे वळूं. आयुष्याची शिडी! ही उपमा आम्हांस पटली नाहीं. शिडीच्या पायरीचा उपयोग एवढाच कीं तिच्यावरून वरच्या पायरीवर जातां यावें. खालची पायरी एकदां पायाखालीं गेली कीं तिचें काम संपलें. सैनिकाच्या हुद्द्यांस ही उपमा चालते, कारण ते हुद्दे मुळीं पायऱ्यांसारखेच रचलेले असतात. पण प्रमुखपदाच्या वर पायरीच नाहीं. मग राज्यपालपद आणि राजदूतपद हीं कोठें बसवावयाचीं? शिडी जेथें संपते तेथें गच्ची लागते आणि गच्चीवर माणूस वारा खात बसतो, अशी कल्पना या उपमेमुळें वाचकाच्या मनांत नकळत शिरते. लतीफांच्या निधनानंतर वृत्तपत्रांतून जे लेख आले त्यांतही हाच प्रकार होता. ब्रह्मदेश, फाळणी, जग्वार, मिग यांस रकाने, आणि पॅरिसच्या तीन वर्षांस एक ओळ. पुष्कळ वेळां तीही दुसऱ्या एखाद्या वाक्याच्या शेपटास जोडलेली. सुभेदारांचा प्रश्न उपजला तो या एका ओळींतूनच.

मात्र हें पुस्तक पत्नीनें लिहिलें आहे, ही गोष्ट लहान नव्हे. पत्नीनें पतीविषयीं लिहावें हें मराठी वाचकास नवें नाहीं. रमाबाई रानड्यांच्या आठवणी आमच्या आज्यांनीं वाचल्या, लक्ष्मीबाई टिळकांचीं ‘स्मृतिचित्रें’ आमच्या आयांनीं; आणि न्यायमूर्ति कसे बोलत, टिळक कसे रुसत, हें आज जें आपणांस दिसतें तें त्या दोघींच्यामुळें. सरकारी दप्तरांत माणसाचा हुकूम सांपडतो, माणूस सांपडत नाहीं. शिवाय राजदूताच्या आयुष्यांत पत्नीचें स्थान सेनापतीच्या पत्नीहून वेगळें असतें. रणांगणावर ती नसते. वकिलातीच्या जेवणाच्या टेबलाशीं मात्र ती असतेच, आणि अर्धी वकिली त्या टेबलाशींच होते. बिल्कीसबाई हैदराबादचे नबाब अली यावर जंग यांच्या कन्या, आणि त्यांच्या मातोश्री जन्मानें फ्रेंच. त्या मातोश्रींचें आयुष्य त्यांनीं ‘हर इंडिया’ या आपल्या दुसऱ्या पुस्तकांत वर्णिलें आहे. म्हणजे १९८५ त हीं पतिपत्नी पॅरिसला गेलीं तेव्हां नवरा परदेशीं चालला होता आणि बायको आजोळीं! एखाद्या कादंबरीकारास हा योग सुचला असता तर आम्हीं तो ओढूनताणून आणलेला म्हटला असता. असें चरित्र हातीं आलें म्हणजे वाचकानें पदकांच्या पानांवरून भराभर पुढें जावें आणि घराच्या पानांवर थांबावें, असें आमचें मत आहे.

फाळणीच्या प्रसंगाविषयीं मात्र थोडें विस्तारानें लिहिणें भाग आहे. सन १९४७ त मुसलमान अधिकाऱ्यांस दोहोंपैकीं एक देश निवडावयाचा होता. असगर खान आणि नूर खान हे लतीफांचे सहकारी. पुढें दोघेही पाकिस्तानच्या हवाई दलाचे प्रमुख झाले. त्यांनीं लतीफांस आपल्याकडे येण्याविषयीं सुचविलें. लतीफांनीं नाहीं म्हटलें. धर्म आणि देश या दोन गोष्टी त्यांच्या मतें एकमेकींस बांधलेल्या नव्हत्या. ही हकीकत आज त्यांच्यावरच्या प्रत्येक लेखांत येते आणि प्रत्येक लेखक ती सांगतांना सद्गदित होतो. आम्हांस या गहिंवराची थोडी भीति वाटते. आश्चर्य वाटून केलेली स्तुति ही अर्धी शंकाच असते. मुळगांवकर भारतांत कां राहिले असें कोणी विचारीत नाहीं, आणि ते राहिले म्हणून कोणी त्यांचें अभिनंदनही करीत नाहीं. त्यांच्या उड्डाणाचें, त्यांच्या नेतृत्वाचें अभिनंदन करतात. लतीफांचीही तीच अपेक्षा असावी असें मानणें हेंच त्यांस शोभणारें आहे. चोवीस वर्षांच्या तरुणानें आपल्या घरीं राहण्याचें ठरविलें. यांत निष्ठेचा पुरावा शोधण्याचें कारण काय? हवाई दलाचे प्रमुखपद भूषविणारे ते पहिले मुसलमान अधिकारी, हें खरें; भारताच्या तिन्ही दलांत त्यांच्या आधीं कोणी मुसलमान प्रमुखपदीं नव्हता, हेंही खरें. पण तें वाक्य लतीफांविषयीं जितकें सांगतें त्याहून अधिक आमच्याविषयीं सांगतें.

त्या प्रसंगांत पाहण्यासारखें दुसरें कांहीं आहे. समोर शत्रु नव्हते, कालपर्यंतचे सोबती होते. अशा माणसांस नकार द्यावयाचा तो आवाज न चढवितां आणि पुढें अर्थ काढण्यास जागा न ठेवितां द्यावा लागतो. वकिली वकिली म्हणतात ती याहून निराळी काय असते? या एकाच हवाई दलांत वाढलेल्या लोकांची दुसरी एक गोष्ट आहे. एप्रिल १९६५ त कच्छच्या रणांत चकमकी सुरू झाल्या तेव्हां असगर खानांनीं आपल्या बाजूनें भारताचे हवाई दलप्रमुख अर्जनसिंग यांच्याशीं दूरध्वनीवरून बोलणें केलें, आणि दोन्ही दलांनीं आपलीं विमानें त्या तंट्यापासून दूर ठेविलीं. मंत्र्यांच्या टिपणांनीं जें साधावयास आठवडे लागते तें दोन जुन्या वैमानिकांच्या एका संभाषणांत झालें. त्याच वर्षीं सप्टेंबरांत युद्ध पेटलेंच, तें टळलें नाहीं. पण कच्छांत तें आकाशांत चढलें नाहीं, हें कांहीं थोडें नव्हे. हेच अर्जनसिंग पुढें १९७१ त स्वित्झर्लंडांत राजदूत झाले आणि १९७४ त केनियांत उच्चायुक्त. दूरध्वनी आधीं, नेमणूक मागाहून. हा क्रम ध्यानांत ठेवण्याजोगा आहे.

लतीफांच्या बाबतींतही क्रम हाच दिसतो. १९६० नंतरच्या दशकाच्या पूर्वार्धांत ते वॉशिंग्टनच्या भारतीय वकिलातींत एअर अटॅशे होते, आणि कॅनडाचें कामही त्यांच्याकडेच होतें. अटॅशे म्हणजे गणवेशांतला वकील. त्याच सुमारास, १९६२ त, चीनचें आक्रमण झालें आणि अलिप्ततेचा उच्चार करणाऱ्या आमच्या सरकारास अमेरिकेकडे मदत मागावी लागली. मागणाऱ्यानें मागावें, पण मिंधें दिसूं नये, ही कसरत त्या काळीं त्या वकिलातींतल्या प्रत्येकास करावी लागली असेल. पुढें १९७१ च्या युद्धाच्या वेळीं ते दिल्लीच्या मुख्यालयांत योजनांच्या शाखेवर होते. योजनेचा अधिकारी हा लढवय्यांतला हिशेबनीस. पूर्वीं आमच्या इकडे किल्ल्यावर हवालदाराच्या जोडीस सबनीस असे. एकानें गड राखावा, दुसऱ्यानें धान्य, दारूगोळा आणि माणसें मोजावीं. विमानें किती, पैकीं उडूं शकणारीं किती, सुटे भाग कोणत्या देशाकडून यावयाचे आणि तो देश उद्यां रुसला तर काय, हा विचार ज्यानें वर्षानुवर्षें केला, तो परराष्ट्रव्यवहाराच्या उंबरठ्यावर आपोआप येऊन उभा राहतो.

जग्वार विमानांचें प्रकरण या दृष्टीनें पाहण्यासारखें आहे. शत्रूच्या प्रदेशांत खोलवर जाऊन मारा करणारें विमान हवाई दलास हवें होतें, आणि ती मागणी दिल्लीच्या दप्तरांत वर्षानुवर्षें पडून होती. जग्वार, फ्रान्सचें मिराज एफ-१ आणि स्वीडनचें विगेन अशीं तीन विमानें स्पर्धेंत होतीं. लतीफ प्रमुखपदीं आल्यावर जग्वारच्या खरेदीचा निर्णय तडीस गेला. चाळीस विमानें तयार घ्यावयाचीं आणि पुढचीं बंगळूरच्या हिंदुस्थान एरोनॉटिक्समध्यें बांधावयाचीं, असा बेत ठरला, आणि १९७९ च्या जुलैंत पहिलीं विमानें अंबाल्यास उतरलीं. यांत पराक्रम कोणता, असें वरवर वाटेल. पण त्यांच्या तीन वर्षांच्या कारकीर्दींत देशानें तीन पंतप्रधान पाहिले: मोरारजी देसाई, चरणसिंग आणि इंदिरा गांधी. मागच्यानें केलेल्या व्यवहाराकडे पुढच्यानें संशयानें पाहावें, असे ते दिवस. एकीकडे ब्रिटिश-फ्रेंच विमान घ्यावयाचें, दुसरीकडे रशियाकडून मिग-२३ आणि मिग-२५ आणावयाचीं, आणि दोन्ही दुकानदारांस एकमेकांविषयीं तक्रार करण्यास जागा ठेवावयाची नाहीं, आणि हें सारें दिल्लींतले यजमान बदलत असतांना! हा माणूस १९८५ त वकील झाला असें म्हणणें म्हणजे पोलादपुरास पोंचल्यावर आतां घाट सुरू झाला म्हणण्यासारखें आहे. गाडी तर कशेडीपासून वळणेंच घेत आलेली असते.

सर्वच सेनापतींचें असें होतें असा मात्र आमचा दावा नाहीं. जनरल करिअप्पा १९५३ त ऑस्ट्रेलिया व न्यूझीलंड येथें उच्चायुक्त म्हणून गेले. गोऱ्यांखेरीज इतरांस वसाहतीसाठीं मज्जाव करणारें ऑस्ट्रेलियाचें धोरण त्यांनीं उघडपणें बोलून दाखविलें आणि तेथें खळबळ उडाली. मनुष्य म्हणून ते बरोबरच होते. वकिलानें असें बोलावें कीं नाहीं, याविषयीं मतभेद होईल. आम्ही करिअप्पांच्या बाजूचे आहों, पण आमच्यावर वकिलात चालविण्याची जबाबदारी नाहीं. हवाई दलाचे अस्पी इंजिनिअर निवृत्तीनंतर १९६४ त इराणांत राजदूत झाले. हे इंजिनिअर म्हणजे १९३० त आगाखान पारितोषिकासाठीं इंग्लंडाहून भारतास एकटे उडत आलेले तरुण. वाटेंत मिसर देशांत अबूकीर येथें त्यांच्या विमानाचा प्लग बिघडला. उलट दिशेनें उडत आलेले जे. आर. डी. टाटा हे याच स्पर्धेंत त्यांचे प्रतिस्पर्धी. टाटांनीं आपल्याजवळचा प्लग त्यांस दिला, आणि इंजिनिअर स्पर्धा जिंकले! मुत्सद्देगिरीवरच्या कित्येक पोथ्यांहून ही गोष्ट आम्हांस अधिक बोधप्रद वाटते, जरी तींत मुत्सद्देगिरी टाटांची आहे आणि राजदूत मात्र इंजिनिअर झाले.

लतीफांच्या आयुष्यांत सेनापति आणि वकील यांच्यामध्यें राजभवन आलें, आणि मराठी वाचकास खरें कुतूहल याच भागाचें असावयास हवें. त्यांच्या आधींचे राज्यपाल ओमप्रकाश मेहरा हेही हवाई दलाचे माजी प्रमुख. म्हणजे मलबार हिलवर एका वैमानिकाच्या पाठोपाठ दुसरा वैमानिक आला. काळ अस्वस्थ होता. आमच्या जिल्ह्यास कुलाब्याऐवजीं रायगड हें नांव देणारे अंतुले मुख्यमंत्रिपदावरून जानेवारी १९८२ त गेले होते. त्यांच्या जागीं बाबासाहेब भोसले आले आणि वर्षभरानें वसंतदादा पाटील. त्याच जानेवारींत गिरण्यांचा संप सुरू झाला. महाड-पोलादपुराच्या डोंगरांतल्या वाड्यांस त्या संपाची वेगळी ओळख करून देण्याची गरज नाहीं. गिरणगांवांतून चाकरमानी ट्रंक घेऊन मुलखाकडे परतले ते कित्येक पुन्हां गेलेच नाहींत. ऑगस्टांत मुंबईचे पोलीसच बंड करून उठले. मे १९८४ त भिवंडी आणि मुंबई येथें हिंदुमुसलमानांच्या भयंकर दंगली झाल्या. शेंकडों माणसें मेलीं. लष्कर बोलवावें लागलें.

राज्यपालाचे हात घटनेनें बांधलेले असतात. मंत्रिमंडळ सांगेल तसें करावयाचें आणि कानांत सांगावेंसें वाटलें तर सांगावयाचें. ज्या पुरुषाच्या एका शब्दानें काल स्क्वाड्रनें हलत, त्यानें आज आपल्याच राज्यांत लष्कर उतरलेलें पाहावें आणि त्या लष्करास एक हुकूमही देतां येऊं नये, ही अवस्था कशी असेल याचा वाचकानें स्वतःशींच विचार करावा. त्यांत ते मुसलमान. दंगलीच्या दिवसांत राजभवनाकडे दोन्ही बाजूंचे डोळे लागलेले असणार, आणि दोहोंसही त्यांच्याकडून जास्तीचें कांहीं हवें असणार. बिल्कीसबाईंचें धारावींतलें काम हें त्यांच्या नांवावर स्वतंत्रपणें नोंदलें गेलें आहे. राजभवनाच्या हिरवळीवरून धारावीच्या गल्लींत जाण्याचा रस्ता कोणत्याही राजशिष्टाचारांत लिहिलेला नाहीं, म्हणून त्याचें मोल आम्ही अधिक समजतों. आमच्या मतें लतीफ खऱ्या अर्थानें राजदूत घडले ते येथें. हुकमत नसतांना वजन कसें ठेवावें, हें वॉशिंग्टनांत शिकतां येत नाहीं. तेथें मागें गणवेश असतो. तें राजभवनांत शिकावें लागतें.

पॅरिसला ते गेले तो प्रसंग नाजूक होता. जानेवारी १९८५ त दिल्लींत हेरगिरीचें मोठें प्रकरण उघडकीस आलें. पंतप्रधानांच्या कचेरीपर्यंतचीं कागदपत्रें बाहेर विकलीं जात होतीं आणि त्यांत फ्रेंच वकिलातीचें नांव गुंतलें. फ्रान्सच्या राजदूतास दिल्ली सोडून मायदेशीं जावें लागलें. पण त्याच सालीं फ्रान्समध्यें भारतमहोत्सव भरावयाचा होता, आणि तो जूनमध्यें थाटानें सुरूही झाला. त्याच सालीं १९८२ च्या करारांतल्या चाळीस मिराज-२००० विमानांपैकीं पहिलीं विमानें फ्रान्साहून उडत ग्वाल्हेरीस आलीं. आमच्या हवाई दलानें त्यांस ‘वज्र’ असें नांव दिलें. एका हातानें कान धरावयाचा आणि दुसऱ्यानें विमान घ्यावयाचें, असा हा मामला. अशा वेळीं पॅरिसला कोण पाठवावा? ज्यास विमान आंतून ठाऊक आहे, ज्याच्यापुढें विकणाऱ्यानें फुशारकी मारूं नये, आणि तरी जो रागावून बोलणार नाहीं, असा माणूस हवा. घरांत फ्रेंच बोलणारी पत्नी असेल तर दुधांत साखर.

येथें एक आक्षेप आम्हीच काढतों, कारण तो काढल्यावांचून हें परीक्षण एकांगी होईल. ज्या सेनापतीनें परदेशी कारखानदारांशीं गिऱ्हाईक म्हणून बोलणीं केलीं, त्यास पुढें अशाच कारखानदारांच्या देशांत राजदूत नेमावा काय? लतीफांच्या बाबतींत मिराजचा करार त्यांच्या निवृत्तीनंतरचा आहे आणि मध्यें जवळजवळ चार वर्षें गेलीं. त्यांच्याकडे बोट दाखविण्यास यत्किंचितही जागा नाहीं. पण पद्धति म्हणून अमुक वर्षें मध्यें गेलींच पाहिजेत, असा दंडक असावा. परराष्ट्रखात्यांतले लोक दुसरी तक्रार करतात ती अशी कीं, आम्ही जन्मभर भाषा शिकावी, टिपणें लिहावीं, आणि चांगल्या वकिलाती बाहेरच्यांस मिळाव्या! या तक्रारींत तथ्य आहे. भाषा आणि दप्तराची आठवण हीं आयत्या वेळीं येत नाहींत. महादजी शिंद्यांनीं १७८२ च्या सालबाईच्या तहांत इंग्रज आणि पेशवे यांच्यामध्यें उभें राहून काम केलें, असा दाखला सेनापतींच्या बाजूनें देतां येईल; पण महादजींच्या पाठीशीं तेव्हां त्यांची फौज उभी होती. निवृत्त सेनापतीच्या पाठीशीं नुसती आठवण असते. त्या आठवणीस परक्या दरबारांत किती मोल येतें हें सेनापतीवर अवलंबून, हुद्द्यावर नव्हे. म्हणून सरसकट नेमणुका आम्हांस मान्य नाहींत. लतीफांची मान्य आहे.

पुढच्या बैठकीस आम्हीं हें सारें सुभेदारांस सांगितलें. बक्षीसही नाहीं आणि अडगळही नाहीं; तो माणूस तें काम आधींपासूनच करीत होता, नांव तेवढें मागाहून मिळालें, असें आम्ही म्हणालों. सुभेदारांनीं थोडा वेळ विचार केला. “म्हणजे वर्दी उतरविली आणि ड्यूटी तीच,” ते म्हणाले. मग जरा थांबून, “पण गुरुजी, आमच्या गांवांतून एवढे फौजेंत गेले, सुभेदार झाले, कॅप्टन झाले, वकील कोणी झाला नाहीं. त्याला काय लागतें?” आम्हीं शिक्षण म्हणून सांगितलें, मग संधि म्हणून सांगितलें, आणि दोन्ही उत्तरें आमचीं आम्हांसच तोकडीं वाटलीं.

पुस्तक परत करतांना ग्रंथपालानें विचारलें कीं, हें कोणत्या कपाटांत लावूं? सैनिकांचें एक कपाट तेथें आहे, तें भरलेलें असतें; राजकारणाचेंही आहे. वकिलांचें निराळें कपाट नाहीं. आम्ही कांहीं बोलण्याच्या आधींच त्यानें तें सैनिकांच्या कपाटांत ठेवून दिलें. तूर्त तें तेथेंच आहे, आणि आंबवड्याकडची मंडळी तें नेतात.